डायलिसिसला थंडी वाजतेच, असं कोण म्हणालं?

वाचकाचं पत्र (थोडं आटोपशीर करून)

माझ्या सासूबाई ५६ वर्षांच्या आहेत. शुगर बरीच वर्षं आहे. आम्ही सोलापुरात पूर्व भागात राहतो, त्या घरी विड्या वळायच्या. गणपतीच्या सुमारास किडन्या निकामी झाल्याचं कळलं आणि मानेत टेम्पररी नळी घालून डायलिसिस सुरू झालं. ती नळी दोन महिने तशीच होती. तिसऱ्या-चौथ्या आठवड्यापासून मशीनला लावलं की अर्ध्या तासात त्यांना हुडहुडी भरायची. सेंटरवर म्हणायचे, डायलिसिसला थंडी वाजतेच. एक इंजेक्शन द्यायचे आणि चादर पांघरायला सांगायचे. शेवटी ताप वाढून त्या बरळायला लागल्या. आठ दिवस दुसरीकडे ॲडमिट केलं, ती नळी काढून छातीवर परमकॅथ (जास्त दिवस ठेवायची डायलिसिसची नळी) बसवला. आता महिना झाला. थंडी गेली, पण मशीन सारखं वाजतं आणि टेक्निशियन नळ्या उलट जोडून वेळ निभावतात. डॉक्टर फिस्टुला (हातातली धमनी शिरेला जोडायचं ऑपरेशन) करा म्हणतात. सासूबाई तयार नाहीत. ओळखीतल्या एकीचा हात फिस्टुल्याने गाठीगाठींनी फुगलाय, शिवाय चुडा काढावा लागेल आणि विड्यांचं काम कायमचं जाईल, असं त्या म्हणतात. शेजारच्या मावशी नळीच्या तोंडाशी हळद भरायला सांगतात. संक्रांत तोंडावर आहे. भोगीला डोक्यावरून न्हायचं आणि गड्ड्याला (सिद्धेश्वराच्या यात्रेला) अक्षता सोहळा बघायचा असा त्यांचा हट्ट आहे. परमकॅथ नीट चालला तर फिस्टुला टाळता येईल का? आणि घरी नळीची काळजी कशी घ्यायची?

एक सून, सोलापूर

उत्तर

ताई,

हुडहुडीचं तुम्ही ओघात लिहून पुढे गेलात, कारण आता ती वाजत नाही. मला मात्र भोगी, गड्डा, हळद या सगळ्याआधी त्यावरच बोलायचंय. मी डायलिसिस युनिटातून निवृत्त झालेली सिस्टर आहे, डॉक्टर नाही. त्यामुळे औषधांचे डोस इथे सांगणार नाही. पण मशीनशेजारी उभं राहून जे कळतं, ते सांगते.

नळीवर डायलिसिस घेणाऱ्या माणसाला मशीन सुरू झाल्यावर हुडहुडी भरली, तर नळीत जंतू आहेत असंच धरून चालायचं. तपासणीत दुसरं कारण निघालं तर आनंदच आहे, पण सुरुवात तिथून करायची. आपल्याकडे पाणी चार-पाच दिवसांआड येतं, म्हणून घरोघरी बॅरल भरलेलं असतं. त्या बॅरलच्या आतल्या अंगाला बुळबुळीत थर धरतो ना, तसाच जंतूंचा थर नळीच्या आतल्या बाजूला धरतो. या थराच्या आडोशाला बसलेल्या जंतूंपर्यंत शिरेतून दिलेलं अँटिबायोटिक पुरेसं पोचत नाही. दोन डायलिसिसच्या मधे नळी बंद असते तेव्हा ते तिथेच पडून राहतात. मशीनचा पंप मिनिटाला अडीचशे-तीनशे मिली रक्त त्याच नळीतून ओढायला लागला की थरातले जंतू सुटून थेट रक्तात जातात, आणि माणूस कापायला लागतो. डायलिसिस संपलं की थंडी थांबते. रिक्षातून घरी येईपर्यंत पेशंट बरा दिसतो, कडक भाकरी कुस्करून जेवतोही. त्यामुळे घरच्यांना वाटतं, मशीनचीच थंडी होती.

जे इंजेक्शन द्यायचे ते बहुधा अ‍ॅव्हिल (ॲलर्जीवरचं औषध) आणि सोबत स्टेरॉइड असणार. त्याने कापरं थांबतं, तापही काही तास दबतो. जंतू मात्र तिथेच राहतात. तुमच्या सासूबाई बरळायला लागल्या तोवर हे रक्तात किती दिवस चाललं होतं, कोण जाणे. त्यात शुगर. शुगरच्या आणि किडनीच्या पेशंटला मोठं इन्फेक्शन होऊनही ताप न येणं ही नेहमीची गोष्ट आहे. नुसती गळाठा आल्यासारखी अवस्था, बीपी उतरणं, असंबद्ध बोलणं, जेवणावरची वासना उडणं, एवढंच दिसतं. थर्मामीटर नॉर्मल दाखवतो म्हणून घरी बसू नका.

थंडीचं दुसरंही एक कारण असतं, तेही सांगून ठेवते. चार तासांच्या एका डायलिसिसला साधारण १२० लिटर शुद्ध केलेलं पाणी लागतं. त्या पाण्याच्या प्लँटमधे गडबड झाली तरी हुडहुडी भरते. पण मग ती एकट्या तुमच्या पेशंटला भरत नाही. त्याच शिफ्टला आणखी दोघं-तिघं कापत असतील आणि त्यांत फिस्टुल्यावर चालणारेही असतील, तर पाण्याकडे बोट दाखवा. शेजारच्या बेडवरच्या नातेवाइकांशी बोलत जा. वॉर्डात जे नातेवाईक एकमेकांशी बोलतात त्यांना गोष्टी लवकर कळतात.

पुन्हा कधी अशी थंडी वाजली, तर तिथल्या तिथे एकच मागणी करा: अँटिबायोटिक देण्याआधी ब्लड कल्चर (रक्तात जंतू वाढतात का, ही तपासणी) घ्या. एक नमुना नळीतून किंवा मशीनच्या सर्किटमधून, आणि शक्य असेल तर दुसरा हाताच्या शिरेतून. अँटिबायोटिकचा पहिला डोस गेल्यावर कल्चर घेतलं तर त्यात बऱ्याचदा काहीच उगवत नाही, आणि मग कोणत्या जंतूवर औषध चाललंय ते कोणालाच कळत नाही. बाटल्या भरल्या की औषध लगेच सुरू करायचं, रिपोर्टची वाट बघत बसायचं नाही. प्राथमिक अंदाज एक-दोन दिवसांत येतो, पूर्ण रिपोर्टला चार-पाच दिवस जातात, आणि त्याप्रमाणे डॉक्टर औषध बदलतात. भांडण करायची गरज नाही. "सर, कल्चर पाठवलं का?" एवढं शांतपणे विचारलं तरी पुष्कळदा काम होतं. सेंटरवर एका वेळी बरेच पेशंट असतात आणि सिस्टर मोजक्या. ज्याचा नातेवाईक विचारतो त्याची बाटली आधी भरली जाते, हे बरोबर नाही, पण तसं होतं.

आता एक काम आजच करा. त्या आठ दिवसांच्या ॲडमिशनचं डिस्चार्ज कार्ड काढा आणि त्यात कल्चरमधे कोणता जंतू निघाला, अँटिबायोटिक किती दिवसांचं लिहिलंय ते बघा. रक्तातल्या अशा इन्फेक्शनला आठ दिवस सहसा पुरत नाहीत. साधारण दोन-तीन आठवडे औषध लागतं. स्टॅफिलोकोकस ऑरियस नावाचा जंतू असेल तर त्याहून जास्त, आणि हृदयाच्या झडपेवर किंवा मणक्यात गाठ धरली असेल तर सहा आठवडे किंवा पुढेही. त्या जंतूचं नाव कार्डवर दिसलं तर हृदयाची टूडी एको झाली होती का, हे विचारा. पुढचे काही महिने सासूबाई कधी "पाठ फार दुखतेय, रात्री कूस बदलता येत नाही" म्हणाल्या, तर वयाचं दुखणं समजून बाम चोळत बसू नका. नळीच्या इन्फेक्शननंतर मणक्यात पू होणं ही गोष्ट मी पाहिलेली आहे, आणि ती दर वेळी उशिराच लक्षात आली. डॉक्टरांना आधीच्या इन्फेक्शनची आठवण करून द्या, एमआरआय लागेल का ते तेच ठरवतील.

दोन महिने टेम्पररी नळी ठेवली, हे चुकलंच. मानेतली टेम्पररी नळी फार तर दोन आठवडे, जांघेतली त्याहूनही कमी. ती कातडीतून सरळ शिरेत उतरलेली असते, त्यामुळे कातडीवरच्या जंतूंना वाट मोकळी मिळते. परमकॅथ कातडीखालून काही अंतर नेऊन मग शिरेत घालतात आणि त्या बोगद्यात नळीवर डेक्रॉनचा (एका कृत्रिम धाग्याचा) एक पट्टा असतो. तीन-चार आठवड्यांत आपलं मांस त्या पट्ट्यात रुजतं, नळी जागेवर धरली जाते आणि जंतूंची वाट अडते. तुमच्याकडे महिना झालाय, म्हणजे आत्ताशी कुठे ती रुजलीय. तोवर टाके काढू नयेत, आणि काढल्यावरही नळीला हिसका बसू नये. कधी तो पांढरट पट्टा छातीवरच्या छिद्रातून बाहेर डोकावताना दिसला, तर नळी सरकलीय. ती आत ढकलू नका. चिकटपट्टीने आहे तशी धरून सेंटर गाठा, आणि डॉक्टरांनी बघितल्याशिवाय त्यावर डायलिसिस करू देऊ नका.

मशीन वाजण्याबद्दल. नळीत दोन वाटा असतात, लाल टोपीच्या बाजूने रक्त बाहेर येतं आणि निळ्या बाजूने स्वच्छ होऊन परत जातं. लाल वाटेने रक्त पुरेसं येईना की पंप जोरात ओढतो आणि मशीन बोंबलतं. मग टेक्निशियन दोन्ही नळ्या उलट जोडतो. एखाद्या दिवशी असं करून डायलिसिस पूर्ण करणं ठीक आहे, मीही केलंय. पण महिनाभर तेच चाललं असेल तर दोन गोष्टी होतायत. एक म्हणजे नुकतंच स्वच्छ झालेलं रक्त पुन्हा पंपाकडे ओढलं जातं, म्हणजे चार तासांतला काही वेळ धुतलेलंच धुतलं जातं. दुसरं म्हणजे आवाज टाळायला पंपाचा वेग कमी केला जातो, तीनशेवरून दोनशेवर, कधी दीडशेवर. घड्याळात चार तास भरतात, पण पेशंटचं डायलिसिस अपुरं होतं. मग पायाला सूज, धाप, भूक मरणं, अंगाला खाज, आणि घरचे म्हणतात डायलिसिस लागू पडत नाही.

डायलिसिसच्या चार्टवर दर तासाला पंपाचा वेग लिहिलेला असतो, तो बघायला मागा. महिन्याला डायलिसिसच्या आधीचं आणि नंतरचं युरिया तपासतात, त्यावरून ते किती टक्क्यांनी उतरलं हे काढतात. आठवड्यातून तीनदा डायलिसिस होत असेल तर ते ६५ टक्क्यांच्या वर उतरायला हवं. दोनदाच होत असेल (आपल्याकडे पुष्कळांचं तसंच असतं) तर एवढ्याने समाधान मानू नका, ते डॉक्टरांशी वेगळं बोला.

नळी का चालत नाही, याची कारणं तिच्या वयावर असतात. बसवल्यापासूनच त्रास असेल तर नळीला कुठेतरी मुरड पडलीय किंवा तिचं टोक नीट जागी नाही, छातीच्या एक्स-रेवर ते दिसतं. आधी छान चालून मग बिघडली असेल तर आत रक्ताची गुठळी किंवा टोकाभोवती चिकट पापुद्रा धरलाय. त्यासाठी गुठळी विरघळवणारं औषध नळीत भरून काही वेळ ठेवतात, युरोकायनेज किंवा अल्टेप्लेज. तेवढ्याने नाही झालं तर तारेवरून नळी बदलतात. बीपी कमी असेल, अंगातलं पाणी जास्त काढलं असेल, मान विचित्र वळलेली असेल, तरी मशीन वाजतं, तेव्हा आधी साधे उपाय करूनच बघायचे: मान सरळ, पाठ टेकून, एकदा खोकायला सांगायचं. तुमच्या पत्रावरून ही नळी पहिल्यापासूनच वाजतेय असं वाटतं. एक्स-रे मागा.

डायलिसिस संपल्यावर दोन्ही वाटांत हेपॅरिन भरून ठेवतात, गुठळी होऊ नये म्हणून. यामुळेच एक गोष्ट घरातल्या सगळ्यांना पाठ असू द्या. सासूबाईंना रात्री-बेरात्री सिव्हिलला किंवा कुठल्याही कॅज्युअल्टीत न्यावं लागलं, तर दारातच सांगायचं: "ही डायलिसिसची नळी आहे, यातून सलाइन लावू नका, रक्त काढू नका." घाईत कोणी नळी उघडून आतलं हेपॅरिन काढून न टाकता तसंच ढकललं तर ते सगळं रक्तात जातं आणि रक्तस्राव होऊ शकतो. शिवाय प्रत्येक वेळी टोपी उघडली की जंतूंना एक संधी मिळते. जीवावरच बेतलं आणि शिरच सापडत नसेल तर डॉक्टर ठरवतील ते ठरवतील, पण तो अपवाद.

सेंटरवर टोपी उघडताना काय व्हायला हवं, तेही माहीत असू द्या. सिस्टरने मास्क घातलेला, पेशंटच्या तोंडावर मास्क, निदान तोंड दुसऱ्या बाजूला. हात धुऊन हातमोजे. टोपी काढल्यावर नळीचं तोंड जंतुनाशकाने नीट घासून मगच जोडणी. दर वेळी नव्या टोप्या. जोडणी-सोडणीच्या वेळी आमच्या युनिटात मी बेडवरचा पंखा बंद करायला लावायचे, मे महिन्यात सोलापूरच्या उन्हाळ्यात शिव्या खाऊन. आणि ती चादर! सगळे पेशंट घरून आपली सोलापुरी चादर आणतात, गळ्यापर्यंत ओढून झोपतात. पायावर हवी तेवढी घ्या, पण नळीची जोडणी कायम उघडी दिसली पाहिजे. खाली नळी सुटली तर चादर भिजेपर्यंत कोणाला कळत नाही.

हळदीचं उत्तर सोपं आहे. हळद भाजीत घाला. नळीच्या तोंडाशी हळद, राख, कडुनिंब, टाल्कम पावडर, बाजारातलं कुठलंही मलम, काही नाही. शेजारच्या मावशींना वाईट वाटू नये म्हणून "डॉक्टर ओरडतात" म्हणून सांगा. ड्रेसिंग सेंटरवरच बदललं जाऊ दे. कोणतं जंतुनाशक आणि मलम चालतं हे नळी कशाची आहे त्यावरही असतं, काही मलमांनी नळीच खराब होते. तुम्ही बाहेरून बघायचं: ड्रेसिंग सुटलंय का, ओलं आहे का, कडेने लाल झालंय का, पू किंवा वास आहे का, नळीच्या वाटेवर कातडीखाली दुखतंय का. छिद्रापुरती लाली असेल तर औषधाने आटोक्यात येते. बोगद्यावरून वर चढत गेलेली लाली आणि दुखणं मात्र त्याच दिवशी दाखवायचं, ती नळी बहुतेक वेळा काढावीच लागते.

आता भोगी. डोक्यावरून तांब्याने पाणी ओतून न्हाणं नळी असेपर्यंत नाही. पण केस धुणं अडत नाही. सासूबाईंना पलंगावर उताणं निजवा, मान कडेबाहेर, खाली बादली, मानेखाली टॉवेलची घडी. छातीवरचं ड्रेसिंग प्लॅस्टिकने झाकून कडा चिकटपट्टीने बंद करा, आणि पाणी कपाळाकडून मागे जाईल असं दुसऱ्याने घाला. अंग ओल्या टॉवेलने पुसायचं, कमरेखाली हवं तसं पाणी घ्यावं. हे सगळं डायलिसिसच्या दिवशी सकाळी करा, म्हणजे थोडं दमट झालंच तरी दोन तासांत ड्रेसिंग बदललं जाईल. मधल्याच दिवशी ड्रेसिंग भिजलं तर उद्यावर ढकलू नका, फोन करून त्याच दिवशी बदलून घ्या. तिळाचं तेल केसांना लावा, छातीकडे ओघळू देऊ नका.

गड्ड्याला जाऊ द्या त्यांना. नंदीध्वज बघायला आणि अक्षता टाकायला माणूस वर्षभर वाट बघतं, ते मी हिरावून घेणार नाही. मात्र त्या गर्दीत कोणाच्या कोपराने नळीला हिसका बसला तर सण बाजूला राहील. कडेला, खुर्ची टाकता येईल अशा जागी बसवा, नळीच्या बाजूला घरातलं कोणीतरी उभं राहा. धूळ आहे, मास्क लावा. आणि सणामुळे डायलिसिसची पाळी चुकवायची नाही, सेंटरला आधी सांगून दिवस मागे-पुढे करून घ्या.

बायकांच्या बाबतीत आणखी दोन गोष्टी असतात, त्या डॉक्टर बहुधा सांगत नाहीत कारण त्यांच्या लक्षात येत नाहीत. मंगळसूत्र नळीच्या टोप्यांत अडकतं. रात्री कूस बदलताना ओढलं जातं. सासूबाईंना मान्य असेल तर आखूड करा किंवा दोऱ्यात ओवून मानेलगत बांधा. ब्लाउज पुढून हुकांचा, सैल, गळा मोठा, म्हणजे सेंटरवर अर्धवट डोक्यावरून ओढाताण नको. आणि विड्या. अजून थोड्या वळत असतील तर तंबाखूची धूळ ड्रेसिंगवर बसते, आणि पानं कापायची कात्री मांडीवरच्या सुपात असते. सूप मांडीवर घेऊन पुढे वाकलं की नळीचं टोक त्या कात्रीपर्यंत लोंबतं. नळी असेपर्यंत हे काम बंद ठेवा. घरात कोणीही ड्रेसिंगजवळ कात्री, ब्लेड आणायचं नाही, चिकटपट्टी हाताने सोडवायची.

तरीही नळी कापली गेली किंवा एखादी टोपी निघून पडली, तर शरीराच्या बाजूची क्लॅम्प लगेच बंद करा, ती नसेल तर नळी चिमटीत घट्ट मुडपून धरा. उघड्या नळीतून रक्त जातं हे दिसतं. आत हवा ओढली जाते ते दिसत नाही, आणि ते जास्त धोक्याचं. अचानक धाप, खोकला, छातीत दुखणं सुरू झालं तर डाव्या कुशीवर, डोकं खाली करून निजवा आणि १०८ ला फोन करा. नळी पूर्णच निघून आली, तर आडवं निजवा आणि स्वच्छ कापडाने छातीवरचं छिद्र आणि गळपट्टीच्या हाडावरची जागा, दोन्हीकडे दाबून धरा. थांबलं का बघायला सारखं उचलू नका. दाबूनच हॉस्पिटलला न्या.

चेहरा किंवा नळीच्या बाजूचा हात सुजायला लागला, छातीवर निळ्या शिरा उठल्या, तर मोठी शीर आतून अरुंद होतेय. हे सावकाश होतं, जितकी नळी जास्त दिवस तितकी शक्यता जास्त, आणि त्या बाजूला मग फिस्टुलाही नीट चालत नाही.

म्हणजे तुमच्या मुख्य प्रश्नावर आलोच. परमकॅथ कितीही छान चालला तरी फिस्टुला करायचा. ज्यांच्या शिरा अजिबात नाहीत, हृदय फार कमजोर आहे, त्यांच्याबाबत डॉक्टर वेगळं ठरवतात. तुमच्या पत्रात तसं काही दिसत नाही. फिस्टुल्यात बाहेरची कुठलीही वस्तू अंगात राहत नाही, आपलीच धमनी आपल्याच शिरेला जोडलेली असते, म्हणून इन्फेक्शन कितीतरी कमी. अडचण वेळेची आहे. आज ऑपरेशन केलं तरी शीर जाड व्हायला सहा-आठ आठवडे, शुगर असेल तर कधी तीन महिने लागतात, आणि काही फिस्टुले पहिल्या खेपेला तयार होतच नाहीत. तोवर परमकॅथ तग धरायला हवा. संक्रांत झाली की बघू म्हटलं तर उन्हाळा येईल, घामाने ड्रेसिंग सुटत राहील. आधी हाताच्या शिरांची डॉपलर सोनोग्राफी होते, ती तरी याच आठवड्यात करून घ्या. आणि ज्या हातावर फिस्टुला व्हायचाय त्या हाताला आजपासून सुई, सलाइन, बीपीचा पट्टा काही लावू देऊ नका. लॅबवाल्याला सांगा, मनगटाच्या मागची पंजावरची शीर घ्या, आणि तीही दुसऱ्या हाताची.

ओळखीतल्या बाईंचा हात फुगलाय, हे खरंच असेल. वर्षानुवर्षं एकाच जागी सुया टोचल्या की तिथली भिंत सैल होऊन गाठ येते. जागा बदलून टोचल्या तर हे बरंच टळतं, सासूबाईंनी दर वेळी टेक्निशियनला "आज वरची जागा" म्हणून सांगायचं. खरी भीती वेगळी आहे आणि ती मी लपवत नाही: शुगरवाल्यांना कधीकधी फिस्टुल्याच्या हाताची बोटं थंड पडतात, दुखतात, कारण रक्त तिकडे वळतं. असं झालं तर लगेच दाखवायचं, त्यावर उपाय आहेत. रोज सकाळी उठल्यावर फिस्टुल्यावर बोटं ठेवून थरथर लागते का बघायची. थांबली तर त्याच दिवशी सर्जन.

चुड्याचं सासूबाईंशी तुम्हीच बोला, मला वाटतं सुनेने सांगितलेलं त्यांना जास्त पटेल. फिस्टुल्याच्या हातात घट्ट काही नको, बांगड्या नाहीत, घड्याळ नाही, त्या हातावर डोकं ठेवून झोपणं नाही. दुसऱ्या हातात हिरवा चुडा भरून राहू दे, त्याला कोणी हरकत घेणार नाही. काम जाईल ही भीती मात्र चुकीची आहे. जखम भरल्यावर बोटांची हालचाल उलट चांगली, डॉक्टर मुद्दाम चेंडू दाबायला देतात. पाण्याची घागर, सिलिंडर त्या हाताने उचलायचा नाही, विड्या वळता येतील.

पैशांचं तुम्ही विचारलं नाहीत, पण विचारायला हवं होतं. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत डायलिसिस बसतं. योजनेतल्या हॉस्पिटलच्या दारात आरोग्यमित्र बसतात, रेशनकार्ड आणि आधार घेऊन त्यांना फिस्टुल्याच्या ऑपरेशनचं आणि नळी बदलण्याचं विचारा, ॲडमिट व्हायच्या आधी. नंतर कागद जुळवणं त्रासाचं होतं.

एक गोष्ट पत्रात राहून गेली. फिस्टुला सहसा कमी वापराच्या हातावर करतात. सासूबाई कात्री कोणत्या हातात धरतात, ते सर्जनला पहिल्याच भेटीत सांगा. उजव्याच असतील असं धरून तो डावा हात खुणेल, आणि विड्या वळणाऱ्या बायकांत डावखुऱ्या मी पुष्कळ पाहिल्यात.